खानदेश : भूप्रदेश, लोकसंस्कृती आणि खाद्यपरंपरा

खानदेश हा महाराष्ट्राच्या वायव्य भागात, तापी नदीच्या मधल्या खोऱ्यात वसलेला ऐतिहासिक प्रदेश होय. आजचे जळगाव, धुळे व नंदुरबार हे तीन जिल्हे मिळून खानदेश मानला जातो. बोलीच्या व चालीरीतींच्या दृष्टीने नाशिक जिल्ह्यातील मालेगाव, सटाणा, देवळा व कळवण हा बागलाणचा पट्टाही त्याला जोडून घेतात. उत्तरेस सातपुडा, दक्षिणेस सातमाळा व अजिंठ्याचे डोंगर, पश्चिमेस सह्याद्रीची अखेरची टोके व गुजरातची सीमा, तर पूर्वेस वऱ्हाड असा या प्रदेशाचा विस्तार आहे. पूर्वी खानदेशची राजधानी असलेले बुऱ्हाणपूर आज मध्य प्रदेशात आहे.

खानदेशची खाद्यपरंपरा म्हणजे शेवभाजी व भरीत, असा बाहेरच्यांचा सर्वसाधारण समज असतो. तो चुकीचा नसला तरी अपुरा आहे. येथील अन्न, सण आणि बोली ही तिन्ही काळी जमीन व वर्षातील आठ कोरडे महिने यांच्याशी बांधलेली आहेत. त्यामुळे शेतातले पीक बदलले की ताटातला पदार्थ बदलतो, आणि पदार्थाबरोबर त्याचा शब्दही वापरातून जातो. प्रस्तुत लेखात या तिन्हींचा एकत्र विचार केला आहे.

नाव व प्रशासकीय इतिहास

खानदेश या नावाच्या अनेक व्युत्पत्ती सांगितल्या जातात. कान्हदेश म्हणजे कृष्णाचा, पर्यायाने आभीरांचा देश, ही त्यांतील एक. चौदाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून येथे राज्य करणाऱ्या फारुकी घराण्याच्या ‘खान’ या किताबावरून नाव पडले, हे मत अधिक प्रचलित आहे. १६०१ मध्ये अकबराने असीरगड घेतला व फारुकी सत्ता संपली. शाहजादा दानियाल याच्या नावावरून या सुभ्याला काही काळ ‘दानदेश’ असेही म्हणत. ते नाव मात्र लोकांच्या तोंडी रुळले नाही.

१८१८ मध्ये पेशवाईच्या अखेरीस हा प्रदेश इंग्रजांकडे गेला. १९०६ मध्ये त्याचे पूर्व खानदेश व पश्चिम खानदेश असे दोन जिल्हे झाले. महाराष्ट्र राज्याच्या स्थापनेनंतर त्यांना अनुक्रमे जळगाव व धुळे ही नावे मिळाली, आणि १ जुलै १९९८ रोजी धुळ्यातून नंदुरबार हा स्वतंत्र जिल्हा निघाला. ‘खानदेश’ हे नाव आज कोणत्याही सरकारी विभागाला नाही; ते लोकव्यवहारात मात्र टिकून आहे.

भूप्रदेश

भारतीय द्वीपकल्पातील बहुतेक मोठ्या नद्या पूर्वेकडे वाहतात. तापी व नर्मदा या पश्चिमवाहिनी आहेत. मध्य प्रदेशातील बैतूल जिल्ह्यात मुलताईजवळ उगम पावणारी तापी ७२४ किलोमीटरचा प्रवास करून सुरतेजवळ अरबी समुद्रास मिळते. खानदेशात तिला उत्तरेकडून सुकी, मोर, अनेर, गोमाई यांसारख्या सातपुड्यातील आखूड व वेगवान नद्या मिळतात. दक्षिणेकडून वाघूर, गिरणा, बोरी, पांझरा, बुराई या लांब व संथ नद्या येतात. मुक्ताईनगर तालुक्यात चांगदेव येथे पूर्णा व तापी यांचा संगम आहे. मुडावद येथे पांझरा तापीला मिळते आणि संगमावर कपिलेश्वराचे मंदिर आहे. नंदुरबार जिल्ह्यातील तापीकाठच्या प्रकाशे या तीर्थास ‘दक्षिण काशी’ म्हणतात.

नदीकाठची गाळाची काळी जमीन खोल व ओल धरून ठेवणारी आहे. पण तापीचे पात्र या गाळात खोल रुतलेले असल्यामुळे दोन्ही काठांवर उभ्या दरडी आणि घळींचे जाळे निर्माण झाले आहे. नदी डोळ्यांसमोर वाहते, परंतु तिचे पाणी शेतात सहज चढत नाही, ही येथील शेतकऱ्याची जुनी अडचण होय. पाऊस सरासरी ७०० मिलिमीटरच्या आसपास, तोही जून ते सप्टेंबर या चार महिन्यांतच पडतो. पश्चिमेकडील धुळे, साक्री, शिंदखेडा या भागांत तो आणखी कमी असतो. मे महिन्यात जळगाव–भुसावळ परिसरात पारा ४५ अंश सेल्सिअसच्या पुढे जाणे नवलाचे नाही.

सातपुड्यात चित्र वेगळे आहे. तोरणमाळ हे सुमारे ११५० मीटर उंचीवरील पठार व तेथील यशवंत तलाव, अक्राणीचे डोंगर, यावल अभयारण्य व पालचे जंगल हा भाग भिल्ल, पावरा, तडवी इत्यादी समाजांचा आहे. अडावदजवळ उनपदेव येथे गरम पाण्याचा झरा आहे. दक्षिणेस चाळीसगावजवळील पाटणादेवीचा परिसर गणिती भास्कराचार्यांच्या स्मृतीशी जोडला जातो. त्यांचा नातू चांगदेव याने भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याचा उल्लेख तेथील शिलालेखात आहे.

फड पद्धती

पाण्याच्या टंचाईवर खानदेशने शोधलेला सर्वांत लक्षणीय उपाय म्हणजे फड पद्धती. पांझरा, मोसम, आराम या नद्यांवर दगडी बंधारे बांधून, पाट काढून, केवळ उताराच्या बळावर पाणी शेतात नेण्याची ही व्यवस्था काही शतके जुनी आहे. बंधाऱ्याखालील सर्व जमिनीचे सामान्यतः चार मोठे भाग पाडत. त्या प्रत्येक भागास ‘फड’ म्हणतात. एका फडात एका हंगामात एकच पीक घ्यायचे आणि दरवर्षी पिकांची फेरपालट करायची, असा नियम असे. पाणी सोडणे, राखण करणे व पाट दुरुस्त करणे यांसाठी पाटकरी, हवालदार व जागल्या नेमलेले असत. त्यांचा मोबदला शेतकरी मिळून देत.

या व्यवस्थेचे मर्म जमिनीच्या वाटणीत आहे. शेतकऱ्यांच्या जमिनी शक्यतो निरनिराळ्या फडांत विखुरलेल्या असत. पाणी कमी पडलेल्या वर्षी एखादा फड पडीक ठेवण्याचा निर्णय झाला, तर तोटा एकट्यादुकट्यावर न पडता साऱ्या गावावर विभागला जाई. वरच्या बाजूस धरणे झाल्यावर आणि विहिरी व विद्युतपंप आल्यावर अनेक ठिकाणी फड मोडले. साक्री व धुळे तालुक्यांत त्यांचे अवशेष, आणि क्वचित चालू स्थितीतील फडही, पाहावयास मिळतात. सहकाराचा कायदा येण्याच्या कितीतरी आधी गावकऱ्यांनी चालवलेली ही सहकारी संस्था होती, एवढे तिच्याविषयी निश्चित म्हणता येईल.

धरणगाव

जळगाव जिल्ह्यातील धरणगाव हे तालुक्याचे ठिकाण जळगावपासून सुमारे ३० किलोमीटरवर, सुरत–भुसावळ लोहमार्गावर आहे. पूर्वी ते एरंडोल तालुक्यात होते. आज कापूस, केळी व धान्य यांची बाजारपेठ म्हणून ओळखले जाणारे हे गाव सतराव्या शतकात कापडाच्या व्यापाराचे नावाजलेले केंद्र होते. सुरत व बुऱ्हाणपूर या दोन मोठ्या पेठांमधील मार्गावर असल्यामुळे १६७४ मध्ये इंग्रजांनी येथे वखार घातली. दुसऱ्याच वर्षी मराठी फौजांनी गाव व वखार लुटली, आणि १६७९ मध्ये पुन्हा तसेच घडले. ज्या गावाची लूट चार वर्षांत दोनदा करावीशी वाटावी, त्याच्या सुबत्तेविषयी वेगळे सांगण्याची आवश्यकता नाही.

१८२५ मध्ये जेम्स आउट्रम या इंग्रज अधिकाऱ्याने भिल्ल तरुणांची पलटण उभारली. तिचे ठाणे धरणगाव येथे होते. सातपुडा व सातमाळ्यातील भिल्लांचे उठाव केवळ बळाने मोडत नाहीत, हे ध्यानात आल्यावर त्यांनाच चाकरीत घेण्याचे हे धोरण होते.

मराठी वाचकाला धरणगाव परिचित आहे ते बालकवी त्र्यंबक बापूजी ठोमरे यांचे जन्मगाव म्हणून. त्यांचा जन्म येथे १३ ऑगस्ट १८९० रोजी झाला आणि त्यांचे बालपण खानदेशातील निरनिराळ्या गावांत गेले. १९०७ मध्ये जळगाव येथे भरलेल्या पहिल्या महाराष्ट्र कविसंमेलनात अध्यक्ष डॉ. कान्होबा रणछोडदास कीर्तिकर यांनी त्यांना ‘बालकवी’ ही पदवी दिली. ५ मे १९१८ रोजी भादली रेल्वे स्थानकानजीक गाडीखाली सापडून त्यांचा मृत्यू झाला. ‘औदुंबर’, ‘फुलराणी’ यांसारख्या कवितांतील हिरवाई वाचून कोकणची आठवण होणारे वाचक पुष्कळ आहेत. पावसाळ्याच्या चार महिन्यांत खानदेशचे नाले, कुरणे व शेते कशी दिसतात हे ज्याने पाहिले आहे, त्याला मात्र त्या हिरवाईचे मूळ शोधण्यास दूर जावे लागत नाही.

धरणगावहून जवळच असलेल्या एरंडोलला लोकपरंपरेत महाभारतातील एकचक्रानगरी मानतात. तेथील पांडववाडा आणि जवळच्या पद्मालय येथील कमळांच्या तळ्याकाठचे गणपती मंदिर प्रसिद्ध आहेत. पद्मालयात उजव्या व डाव्या सोंडेच्या अशा दोन गणेशमूर्ती एकत्र पूजिल्या जातात.

बोली

खानदेशात अहिराणी ही प्रमुख बोली असून पूर्वेकडे यावल, रावेर, भुसावळ भागात लेवा गणबोली, तर सातपुड्यात भिल्ली व पावरी बोली बोलल्या जातात. अहिराणी ही मराठी व गुजराती यांच्या सीमेवरची भाषा आहे. ‘मला’ ऐवजी ‘माले’, ‘घराचा’ ऐवजी ‘घरना’, ‘घरात’ ऐवजी ‘घरमा’, ‘आहे’ ऐवजी ‘से’ अशी तिची रूपे आहेत. मुलाला आंडोर व मुलीला आंडेर म्हणतात. ‘ळ’ चा ‘य’ होतो, म्हणून डोळ्याचा ‘डोया’ होतो. ही ‘य’कार लकब लेवा गणबोलीतही आहे. आसोदे येथे १८८० मध्ये जन्मलेल्या बहिणाबाई चौधरी यांची गाणी या लेवा बोलीच्या वळणाची आहेत. ती अहिराणी असल्याचा समज बराच पसरला असला तरी तो बरोबर नाही. बहिणाबाईंच्या मृत्यूनंतर १९५२ मध्ये आचार्य अत्रे यांच्या प्रस्तावनेसह त्यांचा संग्रह प्रसिद्ध झाला. गिरणेकाठी बांभोरीजवळ असलेल्या उत्तर महाराष्ट्र विद्यापीठास २०१८ मध्ये त्यांचे नाव देण्यात आले.

जनगणनेत ‘खानदेशी’ या गटाखाली मातृभाषा नोंदवणाऱ्यांची संख्या २००१ मध्ये सुमारे २०.७ लाख होती. २०११ मध्ये ती सुमारे १८.६ लाख भरली. लोकसंख्या वाढत असताना झालेली ही घट आहे. तिचे एक कारण मातृभाषेच्या रकान्यात ‘मराठी’ सांगण्याकडे असलेला कल हे होय. शाळेत अहिराणी बोलणाऱ्या मुलाला ‘शुद्ध बोल’ म्हणून गप्प करण्याची जी रीत कित्येक पिढ्या चालली, तिचाही त्यात वाटा आहे, हे शिक्षकवर्गाने मान्य केले पाहिजे.

सण व लोकाचार

आखाजी. अक्षय्य तृतीयेस खानदेशात आखाजी म्हणतात, आणि दिवाळीहूनही तिचे महत्त्व अधिक मानतात. या दिवशी पितरांच्या नावे मातीची घागर भरतात. तिच्यावर खरबूज, आंबे व सांजोऱ्या ठेवतात. घागर पुजल्याखेरीज त्या वर्षीचा आंबा न खाण्याची चाल अनेक घरांत पाळली जाते. सासुरवाशिणी माहेरी येतात, झाडांना झोके बांधले जातात आणि गौराईची गाणी म्हटली जातात. काही गावांत गौराई विसर्जनाच्या वेळी नाल्याच्या दोन काठांवर उभ्या राहून शेजारशेजारच्या गावांतील स्त्रिया एकमेकींना गाण्यांतून शिव्या देतात. त्या दिवशी त्याचा राग मानत नाहीत. सालदाराचे, म्हणजे वर्षाच्या कराराने राबणाऱ्या शेतमजुराचे, साल आखाजीलाच संपते व नवे ठरते. त्यामुळे जमीनदाराच्या घरी या दिवशी पुरणपोळी असे, तर सालदाराच्या घरी पुढच्या वर्षाच्या भाकरीचा हिशेब. सणाचे वर्णन करताना ही दुसरी बाजू सहसा सुटते.

कानबाई. श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी कानबाई किंवा कानुमातेची स्थापना होते. नारळाला डोळे, नथ व दागिने लावून देवी सजवतात, रात्रभर गाणी होतात आणि सोमवारी नदीवर विसर्जन होते. या सणात ‘रोट’ महत्त्वाचे. घरातील पुरुषांच्या संख्येनुसार मुठीने गहू मोजून घेऊन त्याच्या पिठाचे रोट करतात. सोबत पुरण, खीर आणि गंगाफळाची म्हणजे लाल भोपळ्याची भाजी असते. रोट भाऊबंदांनीच खायचा व तो पौर्णिमेपूर्वी संपवायचा असा दंडक आहे. त्यामुळे वर्षभर न बोलणारे भाऊही या दिवशी एका पंगतीला येतात.

भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागरीपर्यंत मुली भुलाबाई मांडतात. देशावरील भोंडल्याशी तिचे नाते स्पष्ट आहे. खंडोबाच्या नवसाच्या बारागाड्या ओढणे, वहीगायन, अमळनेरचा सखाराम महाराजांचा वैशाखातील रथोत्सव, जळगावचा १८७२ पासून चालत आलेला कार्तिकी एकादशीचा रामरथ, आणि सारंगखेड्याची दत्तयात्रा व तिचा घोडेबाजार हे अन्य उत्सव होत. सातपुड्यात होळी हाच मोठा सण. अक्कलकुवा तालुक्यातील काठी येथील राजवाडी होळीस कमरेला घुंगरू व भोपळे बांधलेले नर्तक रात्रभर नाचतात.

खाद्यपरंपरा

खानदेशी स्वयंपाकाचा पाया ज्वारी आहे. तापीकाठच्या खोल काळ्या जमिनीत पावसाळा संपताना पेरली जाणारी, केवळ जमिनीतील ओलीवर व हिवाळ्यातील दवावर पिकणारी ‘दादर’ ज्वारी विशेष चवीची मानली जाते. तिची भाकरी मऊ व गोडसर होते, आणि कडबा गुरांसाठी उपयोगी पडतो. ज्वारी व उडीद एकत्र दळून, मीठ घालून केलेल्या पिठास ‘कळणा’ म्हणतात. कळण्याची भाकरी हिरव्या मिरचीचा ठेचा, तेल व कांदा यांच्याबरोबर खातात. उडदामुळे ती पौष्टिक होते आणि दिवसभर शेतात राबणाऱ्याला पुरते.

भरीत. थंडीत मळ्यामळ्यांत भरिताच्या पंगती झडतात. त्यासाठी लागणारे वांगे मोठे, फिकट हिरवे, पांढऱ्या रेषांचे व कमी बियांचे असते. जळगाव तालुक्यातील आसोदे, भादली व यावल तालुक्यातील बामणोद हा परिसर त्यासाठी प्रसिद्ध आहे. ‘जळगाव भरीत वांगी’ व ‘जळगाव केळी’ यांना २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. वांगी कपाशीच्या पऱ्हाट्यांवर किंवा तुरीच्या काड्यांवर भाजतात. धुराचा वास हा भरिताचा अर्धा स्वाद होय, म्हणून गॅसवर भाजलेल्या वांग्याचे भरीत जाणकार दुय्यम मानतात. साल काढून वांगी लाकडी भांड्यात ठेचतात. त्यात भाजलेली हिरवी मिरची, लसूण, कांद्याची पात, शेंगदाणे, खोबऱ्याचे काप व कोथिंबीर येते. हळद घालत नाहीत. चातुर्मासात वर्ज्य असलेले वांगे चंपाषष्ठीला खंडोबास भरीत–भाकरीचा नैवेद्य दाखवून पुन्हा खाण्यात येते, आणि त्याच सुमारास वांग्याचा हंगाम भरात असतो. वांगे हे मूळचे आपल्याकडचे. अरबांच्या मार्फत ते भूमध्य समुद्रापर्यंत पोहोचले, आणि ग्रीसच्या बेटांवरही विस्तवावर भाजलेले वांगे लसूण व ऑलिव्हच्या तेलात कालवून खातात. तेथे ते पावासोबत थंड वाढतात, येथे कळण्याच्या पुरीसोबत गरम.

खापरावरची पुरणपोळी. हिला मांडे असेही म्हणतात. ओलवून वाळवलेल्या गव्हाचे वस्त्रगाळ पीठ भरपूर पाण्यात मळून सैल व लवचिक कणीक करतात. पुरण भरलेला उंडा पोळपाटावर न लाटता दोन्ही हातांवर झेलत, कोपरापर्यंत वाढवत नेतात आणि चुलीवर उपड्या घातलेल्या मातीच्या खापरावर टाकतात. पोळी दीड हाताची होऊनही पुरण बाहेर येत नाही, यात करणारीचे कसब असते. आखाजीला ती आमरसाबरोबर वाढतात. गावोगावी ही पोळी जाणणाऱ्या स्त्रियांना लग्नकार्यात बोलावणे असते. नव्या घरांतून चूल गेल्यामुळे खापर मांडायला जागा उरलेली नाही.

डाळी, शेव व वाळवणे. उन्हाळ्याचे चार महिने भाजीपाला दुर्मीळ. ती उणीव डाळींनी व बेसनाने भरून काढलेली दिसते. भाजलेला कांदा–खोबरे व काळा मसाला यांच्या तर्रीदार रश्शात जाड शेव टाकून केलेली शेवभाजी, बेसनाच्या वड्यांची पातोडीची भाजी, वाफवलेल्या भरड डाळीचे फुनके व कढी, फौजदारी डाळ हे सर्व पदार्थ हिरव्या भाजीवाचून होणारे आहेत. महामार्गावरील ढाब्यांमुळे शेवभाजी महाराष्ट्रभर पोहोचली. फुनके मात्र घरातच राहिले. जाडसर गव्हाच्या पिठाची बट्टी गोवऱ्यांच्या आरावर भाजून वा उकडून तळतात आणि ती तूप, वरण व घोटलेल्या वांग्याच्या भाजीसह खातात. वरण–बट्टीची पंगत लग्नाच्या हळदीपासून भंडाऱ्यापर्यंत कोठेही चालते.

उन्हाळ्यातील कडक ऊन वाया जाऊ न देण्याची रीत म्हणजे वाळवणे. पापड, कुरडया, शेवया व सांडगे सर्वत्र असतात. खानदेशचे वैशिष्ट्य बिबड्यांत आहे. भिजवून आंबवलेल्या ज्वारीचे पीठ मोठ्या पातेल्यात लसूण, तीळ व मीठ घालून शिजवतात आणि ओल्या कापडावर थापून वाळवतात. पातेल्यातील गरम घाटा तेल घालून खाण्यासाठी गल्लीतील मुले पहाटेच जमतात. हे काम एका घराचे नसते, गल्लीचे असते. आज तुझ्या गच्चीवर, उद्या माझ्या.

सातपुड्यातील आदिवासींचा आहार ज्वारी, मका, डाळी, रानभाज्या, मासे व मोहाची फुले यांवर आधारलेला आहे. तोरणमाळ, धडगाव भागातील कैऱ्यांच्या वाळवलेल्या फोडींचा, म्हणजे आमचुराचा, व्यापार मोठा आहे. नंदुरबार शहर मिरचीची बाजारपेठ म्हणून प्रसिद्ध आहे आणि हंगामात शहराबाहेरील पठारे वाळत घातलेल्या मिरचीने लाल झालेली दिसतात.

बदल

रावेर, यावल व चोपडा या तालुक्यांत केळी हे मुख्य नगदी पीक आहे. पूर्वीच्या बसराई व श्रीमंती या वाणांच्या जागी उतिसंवर्धित ग्रँड नैनची लागवड व ठिबक सिंचन आले. उत्पन्न वाढले, त्याचबरोबर भूगर्भातील पाण्याची पातळीही खोल गेली. कोरडवाहू भागात कापूस व मका यांनी ज्वारीची जागा घेतली. दादर पेरणे म्हणजे शेत पावसाळाभर रिकामे ठेवणे. कर्जाच्या हप्त्यावर शेती करणाऱ्यास ते परवडत नाही. त्यामुळे दादरची भाकरी, जी एके काळी मजुराचे अन्न होती, आता शहरातील दुकानांत महाग धान्य म्हणून विकली जाते.

रोजगारासाठी खानदेशातून सुरत, नाशिक व पुणे येथे मोठे स्थलांतर झाले आहे. सुरतेतील उधना, लिंबायत या कामगार वस्त्यांत अहिराणी सर्रास ऐकू येते. तेथे कानबाईची मिरवणूक निघते आणि सोमवारी विसर्जनासाठी माणसे तापीवर जातात. नदी तीच असते, फक्त समुद्राच्या जवळ आलेली. रोटासाठी गहू मोजताना गावी राहिलेल्या भावांच्या मुठीही त्यात धरतात.